बावीस नाड्या आणि एक स्वप्न

माझ्या एका कादंबरीत एक म्हातारा गवई आहे. रात्री तंबोरा उशाशी ठेवून तो निजतो, आणि दिवसभर छेडलेल्या तारांचा नाद त्याच्या स्वप्नात घरे बांधतो, नद्या वाहवतो, गेलेल्या माणसांना दाराशी आणून उभे करतो. "जुन्या ग्रंथांत हे सांगितलेच आहे," असे एक वाक्य मी त्याच्या तोंडी घातले होते. पुस्तक निघाल्यावर पंढरपूरकडच्या एका वाचकाचे कार्ड आले. "गुरुजी, कोणत्या ग्रंथात? आमच्या भागात तंबोऱ्याचे भोपळे पिकतात, म्हणून विचारतो."

मजजवळ उत्तर नव्हते. ग्रंथ मी पाहिलाच नव्हता! माझे संस्कृत मॅट्रिकपुरते. पण ती सबब चालण्यासारखी नव्हती, कारण शार्ङ्गदेवाच्या 'संगीतरत्नाकरा'चे ग. ह. तारळेकरांनी केलेले मराठी भाषांतर मिळते. ते आणून वाचायला बसलो. खरे सांगायचे तर जिज्ञासेपेक्षा आपले वाक्य वाचवण्याचा लोभच अधिक होता.

शार्ङ्गदेव हा तेराव्या शतकातला, देवगिरीच्या सिंघण यादवाच्या पदरचा. आजोबा काश्मीरहून दक्षिणेत आलेले. हा स्वतः राजाच्या दफ्तरातला मोठा अधिकारी आणि वैद्यकाचा जाणता. गाण्याचा ग्रंथ लिहायला बसलेला हा गृहस्थ आरंभी विषयांची यादी देतो आणि लगेच देहाकडे वळतो. गर्भ कसा राहतो, कोणत्या महिन्यात काय घडते, हाडे किती, नाड्या किती, सारे मोजून मांडतो. मी पाने उलटू लागलो होतो, तोच हृदयकमळ आले. ते मिटले की माणूस झोपतो, उमलले की जागा होतो. इंद्रिये आत ओढली गेली आणि मन मात्र जागे राहिले, तर ते स्वप्न. मनही विरले तर गाढ झोप. पुढे हृदयातल्याच अनाहत चक्राच्या बारा पाकळ्या येतात. जीव पहिल्या, आठव्या, अकराव्या वा बाराव्या पाकळीवर असला तर गाणे साधते; चौथ्या, सहाव्या, दहाव्या पाकळीवर असला तर गाणे नासते. (आमच्या शाळेच्या प्रार्थनेत चौथ्या पाकळीवाले पुष्कळ आहेत.)

आणि मग नाद. आत्म्याला बोलावेसे वाटते, तो मनाला हलवतो, मन देहातल्या अग्नीला, अग्नी वायूला. वायू वर चढतो. हृदयात बावीस आडव्या नाड्या आहेत, त्यांवर तो आदळतो आणि एकाहून एक चढे असे बावीस ध्वनी उमटतात. त्याच ह्या बावीस श्रुती. कंठात तशाच, मस्तकात तशाच.

स्वप्न हृदयात, नादही हृदयात! मला वाटले, वाक्य वाचले. पुन्हा वाचले, तेव्हा ध्यानात आले की ह्या दोहोंची गाठ शार्ङ्गदेवाने मारलेली नाही. ती मी मारली होती.

आता कोणी म्हणेल, अशा नाड्या छातीत नाहीतच. नाहीत, हे खरे. आवाज गळ्यातल्या स्वरतंतूंचा. शार्ङ्गदेवाने छातीत एक वीणा आडवी ठेवली आहे, एवढेच. परंतु ह्या कल्पनेपुढे मी आणि माझ्यासारखे कादंबरीकार फिके पडतो ते तिच्या पुढच्या पावलामुळे. नाड्या सांगून झाल्यावर तो लगेच म्हणतो की ह्या श्रुती स्पष्ट कळाव्यात म्हणून दोन वीणांवर दाखवतो. दोहोंना बावीस तारा. पहिली शक्य तितकी खाली. दुसरी तिच्याहून किंचित चढी, इतकी किंचित की मधे आणखी ध्वनी शिरू नये. एक वीणा अचल ठेवायची, दुसरी एकेक श्रुतीने उतरवायची. दुसऱ्या उतरणीला तिचे गांधार-निषाद पहिलीच्या ऋषभ-धैवतांत मिळून जातात. कल्पना केली, आणि ती कानाने तपासायला वाचकाच्या हाती दिली. आम्ही मात्र 'अनाहत नाद' असे दोन शब्द लिहितो आणि वाचकाने डोळे मिटावेत अशी अपेक्षा धरतो. ह्या अनाहताबद्दल तर तो आधीच स्पष्ट बोलून गेला आहे: मुनी त्याची उपासना करतात, तो मुक्ती देतो, पण त्यात रंजकता नाही. म्हणून लोकांसाठी त्याने आघाताने उठणारा नादच निवडला.

त्या नादात नवल कमी नाही. मिरजेचे कारागीर तंबोऱ्याच्या घोडीवर तारेखाली सुताचा दोरा सरकवतात, त्याला जवारी लावणे म्हणतात. दोरा नेमक्या जागी बसला की खर्जाच्या तारेतून, कोणीही न छेडलेला, गांधार ऐकू येतो. हा स्वयंभू गांधार म्हणजे त्या तारेच्या मूळ कंपनाच्या पाचपट वेगाचा अंश. खाली पोकळ, वाळलेला कडू भोपळा असतो. त्याच्यावाचून हे कानी पडायचे नाही.

कार्डाला उत्तर लिहिले: "कोणत्याही ग्रंथात नाही. वाक्य माझे." दुसऱ्या आवृत्तीतून ते काढले आहे. गवई अजून तंबोरा उशाशी घेऊनच निजतो, स्वप्नेही तीच पाहतो. मात्र निजण्यापूर्वी तो जवारीचा दोरा पुढेमागे करीत बसतो, त्याला मी आता पानभर जागा दिली आहे.