कर्नल मात्यूचा चेहरा

‘द बॅटल ऑफ अल्जियर्स’ (१९६६) पाहिलेल्या मित्रांना मी विचारतो, कर्नल मात्यूची भूमिका कोणी केली? बहुतेकांना नाव आठवत नाही. ते होते जाँ मार्ताँ. हौशी, नवख्या कलाकारांनी भरलेल्या या चित्रपटातले ते मुरलेले रंगकर्मी. बेकेटच्या ‘वेटिंग फॉर गोदो’च्या १९५३मधील पहिल्या प्रयोगात त्यांनी लकी साकारला होता. अल्जीरियातील युद्धाविरुद्ध १९६०मध्ये निघालेल्या १२१ जणांच्या जाहीरनाम्यावर त्यांची सही होती. त्यापायी त्यांना कामंही गमवावी लागली. अशा माणसाने छळाचं समर्थन करणारा फ्रेंच अधिकारी उभा केला, तोही हुशार, सभ्य, शांत. त्यामुळे चित्रपटाला ‘समतोल’ म्हणतात. मला ते पटत नाही. छळाला क्रूर माणूस लागत नाही, बिनचूक तर्क पुरतो, असा हा थेट आरोप आहे.

‘द डे ऑफ द जॅकल’मध्ये (१९७३) मार्ताँ पुन्हा त्याच इतिहासात येतात. अल्जीरिया सोडल्याबद्दल द गॉलच्या जिवावर उठलेल्या संघटनेतला वोलेन्स्की ते साकारतात. या वेळी फ्रेंच यंत्रणा माहितीसाठी त्यांचाच छळ करते. दोन्ही चित्रपट लागोपाठ पाहावेत. मात्यूचा तर्क अखेर आपल्याच माणसांपर्यंत पोहोचतो, हे एकाच चेहऱ्यावर वाचता येतं.