आल्बेर्ट बासरमान : वाचिक अभिनयाचे दोन वियोग

जर्मन रंगभूमीवर श्रेष्ठ नटाकडे वारशाने येणारी ‘इफ्लांड मुद्रिका’ 1911 साली आल्बेर्ट बासरमान (1867–1952) यांच्याकडे आली. हा मान त्यांची थोरवी सांगतो. त्यांच्या अभिनयाचे स्वरूप मात्र सांगत नाही. ते जाणण्यासाठी त्यांना दोनदा सोसावा लागलेला वाचिक अभिनयाचा वियोग विचारात घ्यावा लागेल.

मानहाइम येथे जन्मलेले बासरमान रसायनशास्त्राचा अभ्यास करून रंगभूमीकडे वळले. माइनिंगेनच्या नाटकमंडळीत त्यांची घडण झाली. पुढे बर्लिनमध्ये ओटो ब्राम यांच्या हाताखाली इब्सेनच्या नाटकांतील भूमिकांनी त्यांना कीर्ती दिली आणि 1909 पासून ते माक्स राइनहार्ट यांच्याकडे होते. त्यांचा आवाज घोगरा होता. पण त्या आवाजातूनच ते पात्राचे अंतरंग उलगडीत.

पहिला वियोग 1913 साली, माक्स माक यांच्या ‘डेअर आन्डेरे’ या मूकपटात घडला. प्रतिष्ठित नटाने चित्रपटात उतरणे त्या काळी कमीपणाचे मानले जाई. पाउल लिंडाउ यांच्या नाटकावर आधारलेल्या या कथेतील विधिज्ञ हालर्स दुभंगलेल्या व्यक्तिमत्त्वाचा बळी आहे. निद्रेतून तो ‘दुसरा’ होऊन उठतो, तेव्हा सैलावलेले शरीर आणि हरवलेली दृष्टी एवढ्यावरच बासरमान हे परिवर्तन पटवून देतात. इतरत्र मात्र त्यांचे हातवारे नाट्यगृहातील शेवटच्या रांगेसाठी केल्यासारखे वाटतात. प्रेक्षक आता जवळ आला आहे, याची जाणीव त्या हातांना अद्याप झालेली नाही.

दुसरा वियोग अधिक दारुण होता. पत्नी एल्झे ज्यू असल्याने 1933 नंतर जर्मनीत उभयतांना एकत्र काम करणे अशक्य झाले. पत्नीची साथ न सोडता त्यांनी देशत्याग पत्करला आणि अखेर ते अमेरिकेत गेले. हिचकॉक यांच्या ‘फॉरिन करस्पाँडंट’ (1940) मध्ये त्यांनी व्हान मेअर या वृद्ध मुत्सद्द्याची भूमिका केली. इंग्रजी फारसे अवगत नसल्याने संवाद केवळ उच्चारांवरून पाठ केले होते. तरीही बंदिवासातील छळाच्या प्रसंगी थकलेला देह आणि न मोडणारी सद्सद्विवेकबुद्धी यांचे जे द्वंद्व ते उभे करतात, ते विसरता येत नाही. या भूमिकेसाठी ऑस्कर पारितोषिकाकरिता त्यांचे नामांकन झाले.

यावरून ‘खऱ्या नटाला भाषेचे बंधन नसते’ असा निष्कर्ष काढण्याचा मोह होतो. तो अर्धसत्य आहे. भाषा गेल्यावर त्यांची कला टिकली, पण तिचे क्षेत्र आकुंचित झाले. इब्सेनचे नायक साकारणाऱ्या नटाच्या वाट्याला आता बहुधा वृद्ध प्राध्यापक वा वैद्य यांच्या छोट्या भूमिका आल्या. महायुद्धानंतर, ऐंशीच्या घरात असताना, ते युरोपात परतले आणि जर्मन भाषेतून पुन्हा रंगभूमीवर उभे राहिले. व्हान मेअरच्या यशाचे मूल्यमापन करताना या परतण्याचा अर्थ दृष्टीआड होता कामा नये.