जतनाचा करार

कोणत्याही कलाकृतीचे परीक्षण करताना टीकाकाराने प्रथम तिचे कथानक पाहावे, मग मांडणी पाहावी आणि शेवटी तिचा मनावर होणारा परिणाम तपासावा, असा आपल्याकडील रिवाज आहे. व्हिडिओ गेम या नव्या कलाप्रकाराकडे आमच्या पिढीतले जे थोडे लोक वळले, ते हाच रिवाज सोबत घेऊन वळले. चित्रे कशी आहेत, संगीत कसे आहे, कथा पटते की नाही, एवढे पाहून ते आपला निकाल देतात. परंतु या कलेचा एक घटक असा आहे की, तो बिघडल्याखेरीज त्याच्याकडे कोणाचे लक्षच जात नाही. खेळणारा जेथवर पोहोचला तेथवरची नोंद राखून ठेवणे, हा तो घटक होय. मुले त्याला 'सेव्ह' म्हणतात. आम्ही जतन म्हणू. कादंबरी वाचता वाचता मिटली तर फार तर खुणेचे पान हरवते. पुस्तक जागच्या जागी असते. खेळाची नोंद हरवली, तर खेळणाऱ्याने त्यात घातलेले तासच हरवतात. एवढे ज्याच्यावर अवलंबून आहे, त्याला केवळ यंत्राची सोय मानून टीकाकाराने बाजूला सारावे, हे आम्हांला मान्य नाही.

या विषयाकडे आम्ही वळलो त्याला घरचेच एक प्रकरण कारण झाले. गेल्या पावसाळ्यात आमचा चौदा वर्षांचा भाचा आमच्याकडे मडगावी राहायला आला होता. त्याने आमच्या संगणकावर एक खेळ मांडला. कोणता, हे येथे अप्रस्तुत आहे. चार दिवस तो खेळला. रात्री संगणक बंद न करता नुसता निजवून ठेवी आणि सकाळी पुन्हा पुढे सुरू करी. पाचव्या दिवशी धो धो पावसात वीज गेली. ती परत आल्यावर पाहतो तो खेळ पहिल्या पायरीवर. पोर रडले नाही, एवढेच म्हणाले, "मामा, कोपऱ्यात ते चक्र फिरत होतं ना! म्हणजे ते खोटंच की." हे वाक्य आमच्या मनात रुतून बसले. वस्तू हरवल्याची तक्रार वेगळी आणि वचन मोडल्याची तक्रार वेगळी. भाच्याची तक्रार दुसऱ्या प्रकारची होती.

वकिलाच्या घरात तक्रार आली की चौकशी ओघानेच येते. प्रथमदर्शनी आरोपी वीज. पण क्षणभर विचार करताच तिच्यावरील आरोप टिकेना. विजेने पाचव्या दिवसाचा शेवटचा तुकडा न्यावा, हे समजू शकते. पहिल्या चार दिवसांच्या नोंदी तिने कशा न्याव्यात? त्या तर कायम साठवणीत जाऊन बसलेल्या असावयास हव्या होत्या. तेव्हा विजेने चोरी केली नव्हती, ती केवळ उघडकीस आणली होती.

अशा चौकशीत पहिला प्रश्न विचारावा तो असा: नोंदीची फाइल जागेवर आहे का, आणि असल्यास कोणत्या स्थितीत? फाइल आहे पण उघडत नाही, तर ती लिहिता लिहिता मोडली असे समजावे. फाइल आहे पण जुनी आहे, तर नव्या नोंदीवर कोणीतरी जुनी आणून ठेवली, अशी शंका घ्यावी. एकच नोंद दूरच्या यंत्रावर आणि घरच्या संगणकावर अशी दोन ठिकाणी राखली जाते, तेथे हे बरेचदा घडते. 'स्टीम' या विक्रीकेंद्राने २००८ साली अशी सोय सुरू केली. दोन प्रतींत विरोध आला की यंत्र विचारते, कोणती प्रत खरी मानू? तेथे घाईने उत्तर देणारा स्वतःच्या हाताने आपली ताजी नोंद पुसून बसतो. उत्तर देण्यापूर्वी नोंदींच्या फोल्डरची एक नक्कल बाजूला ठेवावी. आणि फाइल मुळात नाहीच असे आढळले, तर ती कधी लिहिलीच गेली नाही. मग जागा अपुरी होती की लिहिण्याला मनाई होती, एवढेच पाहणे उरते. या साऱ्या चौकशीत एक पथ्य अवश्य पाळावे. खेळ काढून पुन्हा मांडण्याचा उपाय लोक सर्वांत आधी करतात. तो सर्वांत शेवटी करावा, कारण त्यात पुरावाच नष्ट होण्याचे भय असते.

आमच्या प्रकरणात फोल्डर रिकामे होते. जागा मुबलक होती. उरली मनाई. विंडोज प्रणालीत २०१७ सालापासून एक पहारेकरी आहे. खंडणीखोर विषाणूंपासून आपली कागदपत्रे वाचावीत म्हणून तो 'डॉक्युमेंट्स'सारख्या फोल्डरांत अनोळखी कार्यक्रमांना लिहू देत नाही. तो मुळात झोपलेला असतो. घरमालकाने उठवले तरच उठतो. आणि पुष्कळ खेळ आपल्या नोंदी नेमक्या त्याच फोल्डरात ठेवू पाहतात! पक्षकारांचे दस्तऐवज सुरक्षित राहावेत म्हणून त्या पहारेकऱ्याला गेल्या मार्चमध्ये आम्ही स्वतःच उठवून बसवले होते. त्याने त्या खेळाला चार दिवस दारातून परत पाठवले. ज्या घरात चौकशी चालली होती त्याच घराचा मालक अखेरीस दोषी ठरला. खेळाचे नाव पहारेकऱ्याच्या परवानगीच्या यादीत घातले आणि एका मिनिटात पहिली फाइल फोल्डरात उमटली.

कबुली देऊन झाली. तरीही आमचा एक आक्षेप शिल्लक राहतोच. दार बंद होते हा अपराध आमचा. पण दारातून परत आल्यावर 'काम झाले' असे सांगण्याचा अपराध त्या खेळाचा. लिहिण्याचा हुकूम फसला की प्रणाली तसे कार्यक्रमाला कळवते. ते ऐकून खेळणाऱ्याच्या कानावर घालणे हे कर्त्याचे काम होते. त्याने ते ऐकलेच नाही आणि चक्र मात्र फिरवीत ठेवले. बेलिफाने समन्स न बजावताच बजावल्याचा शेरा मारावा, तसे हे झाले.

या कलेच्या जुन्या कर्त्यांना या वचनाचे मोल चांगले ठाऊक होते, कारण त्यांना ते फार कष्टाने पाळावे लागे. जपानमध्ये १९८६ साली निघालेल्या 'ड्रॅगन क्वेस्ट' या खेळात नोंद ठेवण्यास जागाच नव्हती. म्हणून खेळाडूला २० अक्षरांचा एक मंत्र दिला जाई; तो वहीत उतरून घ्यावा आणि दुसऱ्या दिवशी जसाच्या तसा भरावा. पुढल्या वर्षीच्या दुसऱ्या भागात हा मंत्र ५२ अक्षरांपर्यंत लांबला. आपल्याकडे घ आणि ध यांत लेखनिकाची जशी गफलत होते, तशी त्या लिपीतही सारखी दिसणारी अक्षरे आहेत. एक चुकले की सारा प्रवास व्यर्थ. पण यात एक न्याय होता: नोंद खेळाडूच्या हाती होती आणि चूकही त्याचीच असे. तिसऱ्या भागात, १९८८ साली, नोंद खेळाच्या पेटीतच लहानशा बॅटरीच्या आधारावर राहू लागली. ती अधूनमधून पुसली जाई. मात्र पुसली गेल्यास तो खेळ आपण होऊन दिलगिरीच्या शब्दांत तसे सांगत असे. वाईट बातमी, पण खरी बातमी.

'द लेजंड ऑफ झेल्डा' या खेळाची अमेरिकेत १९८७ साली निघालेली पेटीही अशाच बॅटरीवर चाले. वीज तोडताना यंत्राच्या हातून नोंदीवर भलतेसलते लिहिले जाण्याचा धोका होता. म्हणून 'रीसेट'चे बटन दाबून धरा आणि मगच वीज बंद करा, अशी सूचना पडद्यावर दिलेली असे. आपल्या यंत्राची उणीव कर्त्याने ग्राहकाला स्पष्ट सांगावी आणि तीवरचा तोडगाही द्यावा, यापेक्षा अधिक सचोटी कोणत्या विक्रेत्याकडून अपेक्षावी?

काहींनी तर याच घटकातून कला निर्माण केली. १९९६ सालच्या 'रेसिडेंट ईव्हिल' या भयकथेत नोंद करावयाची ती टाइपरायटरवर, आणि त्यासाठी शाईची रिबन हवी. रिबिनी मोजक्याच. आता लिहून ठेवावे की पुढल्या दालनासाठी रिबन राखावी, या विचाराने येणारी धाकधूक ही त्या भयाचाच एक भाग आहे. कोर्टाच्या आवारात टाइपरायटरांची टकटक ऐकत ज्यांची उमेदवारी गेली, त्यांना ही कल्पना विशेष भावेल. २००१ साली सुरू झालेल्या 'ॲनिमल क्रॉसिंग'मध्ये तर, नोंद न करता यंत्र बंद करणाऱ्याला पुढच्या वेळी जमिनीतून एक चिचुंद्रीसारखा प्राणी वर येऊन लांबलचक खडसावतो. त्याचे नाव रेसेटी. २०२० सालच्या भागात नोंद आपोआप होऊ लागली आणि बिचाऱ्याचे खडसावण्याचे काम गेले. सोय वाढली, पण जतन ही उभयपक्षी जबाबदारी आहे, याची आठवण देणारा एक माणूस, म्हणजे प्राणी, कमी झाला.

आता ज्या कृतीवर आम्ही प्रतिकूल मत देणार आहोत तिच्याकडे वळतो. पोलंडमध्ये तयार झालेला 'सायबरपंक २०७७' हा खेळ १० डिसेंबर २०२० रोजी प्रसिद्ध झाला. त्याचे नगरवर्णन भव्य आहे आणि काही पात्रे मनात घर करतात, हे आम्ही मान्य करतो. परंतु संगणकावरील त्याची नोंद ८ मेगाबाइटांच्या पलीकडे गेली की ती फाइल निकामी होई. ज्याने अधिक खेळ खेळला, अधिक वस्तू गोळा केल्या, त्याच्यावरच ही आपत्ती यावयाची! प्रारंभी ग्राहकांना सल्ला मिळाला तो असा की, जुन्या नोंदीवरून पुढे चालावे आणि जवळ वस्तू कमी बाळगाव्यात. अपरिग्रहाचा उपदेश आम्हांला पूज्य आहे. पण दुकानदाराने माल विकून झाल्यावर तो करू नये. २३ डिसेंबरच्या दुरुस्तीने ती मर्यादा काढण्यात आली. आधी मोडलेल्या नोंदी मात्र मोडलेल्याच राहिल्या. संपत्तीचा मोह हाच ज्या कथेचा विषय, त्या कथेने संचय करणाऱ्याला अशी शिक्षा द्यावी, यात कोणी गर्भितार्थ शोधील. आम्ही शोधणार नाही. ज्या परिणामाची कर्त्याला कल्पनाच नव्हती, त्याचे श्रेय त्याला देता येत नाही.

याच्या शेजारी २०१७ सालची 'निअर: ऑटोमाटा' ही जपानी कृती ठेवून पाहावी. दिग्दर्शक योको तारो. तिच्या शेवटच्या टप्प्यात खेळाडूला एकट्याने निभावणार नाही अशी झुंज द्यावी लागते. तेव्हा जगभरातले अनोळखी खेळाडू त्याच्या मदतीला उभे राहतात आणि एकेकाची नोंद नष्ट झाल्याचे पडद्यावर उमटत जाते. झुंज संपल्यावर त्याला विचारले जाते: तुझ्याप्रमाणेच अडलेल्या एखाद्या परक्यासाठी तू आपली सारी नोंद देशील काय? पुन्हा पुन्हा विचारले जाते. नकार देण्याची मुभा असते. होकार दिला, तर त्याच्या डोळ्यांदेखत सर्व पुसले जाते.

वरवर पाहता परिणाम एकच: दोन्हीकडे नोंद गेली. परंतु कायद्याच्या पहिल्या वर्षाचा विद्यार्थीही सांगेल की, संमतीने दिले ते दान आणि संमतीवाचून गेले ती हानी. किती गेले यावरून या दोहोंतला भेद ठरत नाही; विचारले होते की नाही, यावरून ठरतो. ज्याने वर्षानुवर्षे नोंद इमानाने राखली, त्यालाच ती मागण्याचा अधिकार पोहोचतो. 'निअर'चा शेवट हृदयाला भिडतो तो याच कारणाने. जो खेळ नोंद राखूच शकत नाही, त्याला तिच्या त्यागाची कथा सांगता यावयाची नाही.

तेव्हा खेळाचे परीक्षण करणाऱ्यांनी आपल्या कसोट्यांत आणखी तीन घालाव्यात, अशी आमची सूचना आहे. नवी नोंद पूर्ण लिहून, पडताळून, मगच जुनी काढली जाते काय? नवा दस्त नोंदला जाण्यापूर्वी जुना फाडू नये, हे आमच्या धंद्यातले व्यवहारज्ञान; उत्तम कार्यक्रम लिहिणारेही तेच करतात. नोंद फसली तर खेळ तसे सांगतो काय? आणि आपली नोंद कोठे आहे, तिची नक्कल कशी घ्यावी, हे खेळाडूला कळू शकते काय? या तिन्हींत जी कृती नापास होईल, तिच्या संगीताची आणि चित्रांची स्तुती जरा आवरती घ्यावी.

जतन हा शब्द मुळात 'यत्न'वरून आलेला. मराठीत त्याला राखून ठेवण्याचा अर्थ आला. आमच्या कोकणीत 'जतनाय' म्हणजे काळजी. निरोप देताना आम्ही 'जतनाय घे' म्हणतो. एका मुळाचे हे दोन अर्थ एकत्र ठेवले की या लेखाचे सार हाती येते: काळजीवाचून राखणे होत नाही. भाच्याने पुढे तोच खेळ पहिल्यापासून आरंभला. दर संध्याकाळी उठण्यापूर्वी तो फोल्डर उघडून फाइलीवरची तारीख आणि वेळ पाहून घेई. चक्रावर त्याचा विश्वास अजून बसलेला नाही. बसावा, असे त्याला सांगण्याचा धीर आम्हांलाही झाला नाही.