बालगायकांची प्रसिद्धी आणि संगीतशिक्षण : कुमार गंधर्वांच्या संदर्भात एक चिकित्सा

बालगायकांच्या कौतुकाची परंपरा आपल्याकडे जुनी आहे. २००५ मध्ये सुरू झालेल्या यूट्यूबने त्या कौतुकाचा वेग व विस्तार वाढविला. त्याचे मूळ स्वरूप मात्र ध्वनिमुद्रिकांच्या काळातच दिसून येते. प्रस्तुत लेखात कुमार गंधर्वांच्या जडणघडणीच्या आधारे या प्रसिद्धीची चिकित्सा केली आहे.

शिवपुत्र सिद्धरामय्या कोमकळीमठ यांचा जन्म १९२४ मध्ये बेळगाव जिल्ह्यात झाला. थोर गायकांच्या ध्वनिमुद्रिका ऐकून त्या हुबेहूब गाणारा हा मुलगा बालवयातच जलशांतून गाजला व 'कुमार गंधर्व' ही पदवी पावला. श्रोत्यांना त्यात चमत्कार दिसला. परंतु त्या गायनातील कंठ त्याचा असला, तरी विचार दुसऱ्यांचा होता. पुढे मुंबईत प्रा. बी. आर. देवधर यांच्याकडे त्यांचे रीतसर शिक्षण झाले. देवधर हे विष्णु दिगंबर पलुस्करांचे शिष्य आणि अनेक घराण्यांच्या गायकीचे साक्षेपी अभ्यासक होते. अनुकरणाकडून चिंतनाकडे झालेला कुमारांचा प्रवास या शिक्षणाशिवाय उलगडत नाही. माळव्यातील लोकधुनांचा त्यांचा अभ्यास आणि 'अनूपरागविलास' (१९६५) हा बंदिशींचा ग्रंथ ही त्या प्रवासाची फलश्रुती होय.

आजच्या बालगायकासमोरील अडचण येथेच स्पष्ट होते. ऑनलाइन माध्यमात दाद मिळते ती मुख्यतः ओळखीच्या गीताच्या हुबेहूब सादरीकरणाला. शिवाय किशोरवयात, विशेषतः मुलांचा, आवाज फुटतो. चित्रफितीतला बालस्वर मात्र तसाच राहतो. श्रोते त्या जुन्याच आवाजाची अपेक्षा करतात आणि मुलाला स्वतःच्याच बालपणाशी स्पर्धा करावी लागते. अशा वेळी त्याला प्रेक्षकांपेक्षा गुरूची गरज अधिक असते.

या दृष्टीने सांस्कृतिक स्रोत आणि प्रशिक्षण केंद्राची १९८२ पासूनची शिष्यवृत्ती योजना महत्त्वाची ठरते. १० ते १४ वर्षे वयोगटातील गुणी मुलांची निवड करून ती त्यांच्या शिक्षणाला साहाय्य करते. तिचा भर सादरीकरणाच्या बक्षिसावर नसून शिकण्याच्या काळावर आहे, हे तिचे वैशिष्ट्य होय.

सारांश, प्रसिद्धी बालगायकाचा शोध लावू शकते, त्याला घडवू शकत नाही. म्हणून समाजाने व शासनाने त्याच्या टाळ्यांच्या दिवसांपेक्षा त्याच्या रियाजाच्या वर्षांना आधार देणे अधिक आवश्यक आहे.