प्रतिकूलतेचे आयुष्य

एडमंड शुल्मन यांनी १९५४ साली 'सायन्स' साप्ताहिकात सूचिपर्णी वृक्षांच्या आयुर्मानावर निबंध लिहिला. 'प्रतिकूलतेतील दीर्घायुष्य' असे त्याचे शीर्षक मराठीत होईल. ते एखाद्या कादंबरीलाही शोभावे. आणि धोका आहे तो तिथेच. आपण लेखक मंडळी लगेच म्हणणार, दुःखाने माणूस मोठा होतो, तसेच झाडही! शास्त्राचे म्हणणे इतके गोड नाही. कॅलिफोर्नियातील व्हाइट पर्वताच्या रुक्ष, खडकाळ उतारांवर ब्रिसलकोन पाइन अत्यंत सावकाश वाढतो. म्हणून त्याचे लाकूड घट्ट व राळेने भरलेले असते, कीड-बुरशीला दाद देत नाही. विरळ रानात वणवाही सहसा पसरत नाही. पण किंमत पाहा : खोडाचा बराच भाग मरून जातो, सालीची एखादी अरुंद पट्टी उरल्या फांद्यांना जगवते. हे मोठे होणे नव्हे. थोडक्यात भागवणे आहे. शेजारच्या नेव्हाडात १९६४ साली याच जातीचे एक झाड तोडले, तेव्हा त्यात ४,८०० हून अधिक वलये भरली. त्या आकड्याने थक्क व्हावे. पण गरिबाच्या सोसण्याला 'तपश्चर्या' म्हणून मोकळ्या होणाऱ्या आपल्या कथांनी या झाडाची साक्ष काढू नये.