गाणे तेच, सरहद्द निराळी

एखादा गायक निवर्तला की त्याच्या मतांविषयी पुष्कळ लिहिले जाते आणि गाण्याविषयी थोडे. क्रोएशियातील पुला या बंदराच्या शहराचा पंक-रॉक गायक ब्रान्को च्र्नात्स याच्या वाट्यालाही हेच आले. त्याला सारे ‘तुस्ता’ या टोपणनावानेच ओळखत. 2012 च्या ऑक्टोबरात तो वारला. 2019 साली आन्द्रेय कोरोव्ल्येव यांनी ‘तुस्ता’ याच नावाचा माहितीपट काढला. फॅसिझमचा शत्रू, कष्टकऱ्यांचा कैवारी, राष्ट्राभिमानाच्या पुरात पाय घट्ट रोवून उभा राहिलेला गृहस्थ, अशी त्याची मूर्ती आता पक्की घडली आहे. ती खोटी नाही. परंतु सद्विचारी माणसे जगात थोडकी नाहीत, आणि त्यांतील बहुतेकांचे गाणे ऐकवत नाही. तुस्ताचे ऐकवते. टीकाकाराने आरंभ येथून करावा, असे मला वाटते.

नाट्यपदांवर नि भजनांवर ज्यांचे कान वाढले त्यांना पंक संगीत प्रथम कोलाहलच वाटेल. दोन-अडीच मिनिटांचे गाणे, तीन-चार सुरावटी, घोडदौडीची लय आणि आलापाला मुळीच जागा नाही. तुस्ताच्या मंडळींनी हा साचा अमेरिकेच्या ‘रामोन्स’ या चमूकडून घेतला, हे पहिल्याच श्रवणात कळते. मग त्यात तुस्ताचे स्वतःचे काय? माझ्या मते त्याचा आवाज. पंकचा गायक सहसा किंचाळतो. हा मात्र उंच, मोकळ्या आवाजात, शब्द न् शब्द कळेल असा गातो. चालीत गोडवा असतो, आणि सबंध सभागृहाने एकमुखाने म्हणावे असे धृपद असते. त्याच्या प्रेमगीतांकडे त्याचे चाहते जरा कानाडोळा करतात, पण त्याच्या गळ्याची खरी परीक्षा मला तेथेच झालेली दिसते. घोषणा कोणीही ओरडून देईल. आर्जव ओरडून करता येत नाही.

त्याच्या चमूचे नाव ‘कुद इदियोती’. ‘कुद’ ही तीन अक्षरे म्हणजे युगोस्लाव्हियातील ‘सांस्कृतिक-कलात्मक मंडळ’ या शब्दसमूहाचे लघुरूप. समाजवादी राजवटीत गावोगाव नि कारखानोकारखानी अशी मंडळे असत. लोकनृत्ये बसवावीत, सणासुदीला कार्यक्रम करावेत, असा त्यांचा रिवाज. तेव्हा नावाचा सरळ अर्थ ‘मूर्खांचे सांस्कृतिक मंडळ’ असा होतो. गोव्यापासून बडोद्यापर्यंत ज्यांनी कधी ना कधी अशा मंडळाची वर्गणी गोळा केली आहे, त्यांना यातील विनोद उलगडून सांगण्याची गरज नसावी. हे मंडळ 1981 साली पुलात स्थापन झाले. तुस्ताचा जन्म 1955 चा. पंक हा मिसरूड न फुटलेल्या पोरांचा खेळ मानला जाई आणि हा तर पंचविशी ओलांडलेला, संसाराच्या वयाचा इसम. त्याच्या उपहासात जो पोक्तपणा आहे त्याचे मूळ कदाचित या वयात असेल.

त्या राजवटीत रॉक संगीतावर बंदी नव्हती. तिची रीत अधिक चाणाक्ष होती. एखादी तबकडी हलक्या अभिरुचीची ठरली तर तिच्यावर जादा विक्रीकर बसे. अभिरुचीचा निर्णय कराच्या दराने व्हावा ही कल्पना आम्हा वकिलांना मोह पाडणारी आहे खरी! असो. अशा वातावरणात उपहास तिरकस होतो, आणि या मंडळींचे सगळे बिरुदच तिरकस होते. त्यांच्या 1990 च्या तबकडीचे नाव ‘आम्ही इथे केवळ पैशासाठी आहोत’. 1992 च्या तबकडीचे नाव ‘मूर्खपणा अविनाशी आहे’. गीतेने आत्म्याला दिलेले विशेषण येथे मूर्खपणाला मिळाले आहे. ही दुसरी तबकडी निघाली तेव्हा बाहेर युद्ध चालू होते, हे कळले की हसू ओठांवरच थांबते.

25 जून 1991 रोजी क्रोएशियाने स्वातंत्र्य घोषित केले आणि एका देशाचे तुकडे होऊ लागले. पार्टिझनांची स्मारके जागोजाग फोडण्यात आली. कालपर्यंत जे बोलणे सरकारमान्य होते ते आज संशयास्पद ठरले. या मंडळाने ‘बांदिएरा रोस्सा’ हे इटालियन कामगारांचे जुने लाल बावट्याचे गीत आपल्या धाटणीत बसवले होते. लाल तारा जोवर सरकारी झेंड्यावर होता, तोवर हे गीत गाण्यात साहस कसले? फार तर थट्टा. तारा उतरला, आणि तेच गीत त्याच चालीत गाणे ही एक उघड भूमिका झाली. कायद्याच्या कलमातला एकही शब्द न बदलता केवळ परिस्थिती पालटल्याने त्याचा अर्थ पालटतो, हे न्यायालयात आम्ही नित्य पाहतो. गाण्याच्या बाबतीत ते इतके स्पष्ट मी अन्यत्र पाहिलेले नाही. तुस्ताचे श्रेय असे की त्याने ओळ सौम्य केली नाही आणि हौतात्म्याचा आवही आणला नाही. मागे ज्या खुशालीने गात असे त्याच खुशालीने तो गात राहिला.

यात इस्त्रियाच्या भूमीचाही वाटा आहे. पुला ज्या द्वीपकल्पाच्या टोकाला वसले आहे ते इस्त्रिया एका शतकात ऑस्ट्रिया, इटली, युगोस्लाव्हिया आणि क्रोएशिया अशा चार सत्तांखाली नांदले. मुसोलिनीच्या अमलात तेथील स्लाव्ह शाळा बंद झाल्या, माणसांची आडनावे इटालियन करण्यात आली. त्यामुळे फॅसिझमचा तिटकारा ही तेथे घरोघरची आठवण आहे, पक्षाने पढवलेला धडा नव्हे. 1956 साली राज्याची सीमा ज्यांच्या अंगणावरून गेली त्या बेळगावच्या वाचकाला, माणूस न हलता त्याचा मुलूख कसा हलतो, हे वेगळे सांगायला नको.

आता दुसरी बाजू. तीही ऐकलीच पाहिजे. 1947 च्या पॅरिस तहाने पुला युगोस्लाव्हियाकडे गेले, तेव्हा शहरातील सुमारे 32,000 लोकांपैकी 28,000 लोक, बहुतांशी इटालियन, घरदार टाकून निघून गेले. पुष्कळजण ‘तोस्काना’ नावाच्या जहाजातून गेले. त्यांच्या मुलानातवंडांच्या कानांवर लाल बावट्याचे गीत पडले तर त्यांना मुक्तीचा आनंद होईल काय? होणार नाही, आणि त्यांना दोष देता येणार नाही. तुस्ताच्या भक्तांनी हा प्रश्न टाळला आहे. त्याच्या गाण्यात या दुःखाला मला तरी जागा आढळली नाही, आणि ही उणीव मी किरकोळ मानीत नाही. मात्र एक गोष्ट मनात घोळत राहते. ज्या शहरातून इटालियन भाषा जहाजात बसून गेली, त्याच शहराचा एक क्रोएशियन गायक, तेही राष्ट्रभाषेच्या शुद्धीचा डंका पिटला जात असता, हे गीत इटालियनमध्येच गातो. त्याने त्याचे भाषांतर केले नाही. त्याच्या मनात काय होते ते सांगण्याचा अधिकार मला नाही. गाण्यात जे आहे तेवढे आहे.

दुसरी उणीव किरकोळ आहे. सलग ऐकताना लय एकसुरी होते, आणि चौथ्या-पाचव्या गाण्यानंतर कान विसावा मागतात. या चमूने प्रयोगशीलता फारशी दाखवली नाही. दाखवायला हवी होती, असेही मी म्हणणार नाही.

त्याच्या पश्चात त्याला आपला म्हणणारे पुष्कळ झाले. तिकडे त्याच्या शहराची 1856 पासून चालत आलेली उल्यानिक ही जहाजबांधणीची गोदी 2019 साली दिवाळखोरीत निघाली, म्हणजे ज्या वर्षी माहितीपट आला त्याच वर्षी. कामगारांच्या गायकाचा गौरव आणि कामगारांची बेकारी एका हंगामात आली. तुस्ता असता तर या योगायोगाचे गाणे करता आणि दोन मिनिटांत संपवता.

ज्यांना हे संगीत अपरिचित आहे त्यांनी 1990 ची तबकडी आधी ऐकावी, 1992 ची मागाहून. दोहोंत दोन वर्षांचे अंतर आहे. चमू तोच, आवाजही तोच. आवाज जरा वाढवून ऐकावे, आणि शेजाऱ्यांना आधी कल्पना द्यावी.