'समाजस्वास्थ्य'मधील नग्नताविचार : एक चिकित्सा
र. धों. कर्वे यांनी 'समाजस्वास्थ्य' (१९२७ ते १९५३) मासिकाच्या मुखपृष्ठावर नग्न स्त्रीचित्रे छापून नग्नता व अश्लीलता यांतील भेद ठामपणे मांडला. मराठी समाजास दिगंबर मुनी व नाशिकच्या कुंभमेळ्यातील नागा साधू वंदनीय वाटतात. कारण त्यांची नग्नता वैराग्याची असते. फ्रान्समध्ये मात्र १९३१ साली डॉ. ड्यूरव्हिल बंधूंनी लव्हां बेटावर नग्नतावाद्यांची वसाहत स्थापिली. तेथील चळवळीतील काही कुटुंबे नाताळसारखा घरगुती सणही विवस्त्र साजरा करतात. ही नग्नता संसारी माणसाची होय. कर्व्यांचे विवेचन प्रामुख्याने आरोग्य व व्यक्तिस्वातंत्र्य यांवर उभे आहे. त्यांच्या मुखपृष्ठावर स्त्रीदेह आला, कुटुंब आले नाही. परिणामी हा धाडसी विचार मराठी घराच्या उंबरठ्याबाहेरच राहिला, असे म्हणावे लागते.